भूमिगत नहरींचें शहर : एका दिवसाची सहल

प्रवासानें मनुष्य बहुश्रुत होतो, असें आपण लहानपणापासून ऐकत आलों आहों. हें वचन खरें असलें तरी तें अर्धेंच आहे. बारा गांवचें पाणी प्यालेले पुष्कळ लोक जसे गेले तसेच परत येतात. आणि कांहीं जण एकाच गांवीं एकच दिवस घालवून जन्मभर पुरेल एवढी शिदोरी घेऊन येतात. फरक पायांत नसून नजरेंत असतो. काय पाहावयाचें, कोणत्या क्रमानें पाहावयाचें आणि कोणास काय विचारावयाचें, हें आधीं ठरवून जो निघतो त्याचीच सहल सार्थकीं लागते. आपल्या धाराशिव जिल्ह्यांतून हिवाळ्यांत निघणाऱ्या शाळांच्या सहली वेरूळ, दौलताबाद व बीबी का मकबरा यांकडे वळतात. प्रस्तुत लेखांत त्याच वाटेवरच्या, परंतु फारच थोड्यांनीं लक्षपूर्वक पाहिलेल्या एका गोष्टीची ओळख करून देण्याचें योजिलें आहे. ती गोष्ट म्हणजे जुन्या औरंगाबादच्या, म्हणजे इ. स. २०२३ पासून अधिकृतपणें छत्रपती संभाजीनगर या नांवानें ओळखल्या जाणाऱ्या शहराच्या, भूमिगत नहरी.

कालव्यांचें शहर म्हटलें म्हणजे विद्यार्थ्यांच्या डोळ्यांपुढें प्रथम इटलींतील व्हेनिस किंवा हॉलंडांतील अॅम्स्टरडॅम हीं नगरें उभीं राहतात. तेथें पाणी हाच रस्ता असतो. दारापाशीं नाव येऊन लागते, प्रवासी तींत बसतात, आणि वाटाड्या डावीकडे हा राजवाडा, उजवीकडे तो पूल, असें बोटानें दाखवीत जातो. जें दाखवावयाचें तें सर्व उन्हांत चकाकत असतें. आपल्या मराठवाड्यांतील या नगराची रीत अगदीं उलट आहे. येथें पाणी लोकांच्या पायांखालून गेलें. ज्या रस्त्यावरून आपण चालतों, ज्या बागेंत बसून दशम्या सोडतों, तिच्या खालून शेंकडों वर्षें पाणी वाहत होतें, आणि वर चालणाऱ्यास त्याची चाहूलही लागत नसे. म्हणूनच येथें मार्गदर्शक ही चैन नसून गरज आहे. उघड्या डोळ्यांस न दिसणारी वस्तु ज्यानें दाखवावी, तो खरा मार्गदर्शक.

आपल्याच जिल्ह्यांतील नळदुर्गाचा किल्ला पुष्कळांनीं पाहिला असेल. तेथें बोरी नदीस बांध घालून त्या बांधाच्या पोटांत पाणीमहाल बांधला आहे, आणि पावसाळ्यांत नर व मादी या नांवांचे दोन धबधबे त्यावरून कोसळतात. आदिलशाही कारागिरांनीं तेथें पाणी डोळ्यांपुढें नाचविलें. औरंगाबादच्या कारागिरांनीं तें लपविलें. दोन्हीं कामें साधारण एकाच काळचीं, म्हणजे सतराव्या शतकाच्या पहिल्या पंचविशींतलीं आहेत. ज्यानें नळदुर्ग पाहिला आहे त्यास हा भेद लवकर कळेल. म्हणून शक्य असल्यास आधीं नळदुर्ग पाहावा व मग या सहलीस निघावें.

आतां ज्या पुरुषानें हें काम आरंभिलें त्याचा परिचय करून घेऊं. मलिक अंबर हा जन्मानें हबशी. आफ्रिकेंतील हबसाण देशांत इ. स. १५४८ च्या सुमारास तो जन्मला आणि लहानपणींच गुलाम म्हणून विकला गेला. एका धन्याकडून दुसऱ्या धन्याकडे जात जात तो दक्षिणेंत आला व अहमदनगरच्या निजामशाहींत चेंगीजखान या पेशव्याच्या पदरीं राहिला. ज्याचें मोल बाजारांत ठरलें होतें, तोच पुढें आपल्या कर्तृत्वानें निजामशाहीचा मुख्य वजीर झाला, आणि अकबर व जहांगीर या दोन बादशहांच्या फौजांस त्यानें वर्षानुवर्षें दाद दिली नाहीं. इ. स. १६२४ च्या भातवडीच्या लढाईंत शहाजीराजे भोसले त्याच्या बाजूनें लढले, हें इतिहासाच्या विद्यार्थ्यांस ठाऊकच असेल. अशा या मलिक अंबरानें इ. स. १६१० मध्यें खडकी नांवाच्या लहानशा गांवीं आपली राजधानी वसविली. तेंच हें शहर. इ. स. १६२६ मध्यें त्याचा अंत झाल्यावर त्याचा पुत्र फत्तेखान यानें त्यास फत्तेनगर असें नांव दिलें, आणि इ. स. १६५३ मध्यें दक्षिणेचा सुभेदार असलेल्या औरंगजेबानें औरंगाबाद असें नांव ठेविलें. नांवें बदलत गेलीं. परंतु ज्या पाण्यावर शहर जगलें, तें पाणी त्या पहिल्या हबशी वजिराच्याच नहरीचें होतें.

राजधानी वसविणें सोपें, ती जगविणें कठीण. खडकीजवळून वाहणारी खाम नदी लहान. पावसाळा सरला कीं तिचें पात्र आटूं लागतें. फौज, घोडे, हत्ती, बाजार, सराया, मशिदी, बागा यांस बारमाही पाणी पाहिजे. त्यांतच इ. स. १६१६ मध्यें मोगल फौजांनीं शहर उद्ध्वस्त केलें. दुसऱ्या एखाद्यानें नवी जागा शोधली असती. मलिक अंबरानें शहर पुन्हां उभें केलें, आणि इ. स. १६१८ च्या सुमारास उत्तरेकडील डोंगरांच्या पायथ्याचें भूगर्भांतील पाणी शहरांत आणलें. हीच नहर-ए-अंबरी होय. पुढें मोगल व निजाम यांच्या अमदानींत तिच्या जोडीस आणखी नहरी झाल्या, आणि त्यांची एकूण संख्या डझनाच्या घरांत गेली.

नहर म्हणजे काय, हें नीट समजल्यावांचून सहलीचा उपयोग नाहीं. म्हणून येथें थोडें विस्तारानें सांगतों. आपला सारा मुलूख काळ्या खडकाचा आहे. वर माती, तिच्या खालीं मुरूम, आणि मुरमाच्या खालीं अभंग कातळ, असे थर विहीर खणतांना आपण पाहतों. पावसाचें पाणी मातींतून व मुरमांतून झिरपत खालीं जातें. कातळापाशीं त्याची वाट अडते, आणि मग तें उताराच्या दिशेनें हळूहळू आडवें सरकूं लागतें. डोंगराच्या पायथ्याशीं असें पाणी पुष्कळ सांठलेलें असतें. आपण काय करतों? उभी विहीर खणतों आणि तें पाणी मोटेनें किंवा यंत्रानें वर ओढतों. नहर बांधणारा विहीर उभी न खणतां जणूं आडवी खणतो. पाणी धरणाऱ्या थरांत तो एक भुयार काढतो. त्या भुयाराच्या भिंतींतून पाणी आंत पाझरतें. आणि भुयारास शहराकडे बेताचा उतार दिलेला असल्यामुळें तें आपल्या आपण वाहत जातें. मोट नको, बैल नको, सरपण नको, वीज नको. पृथ्वीचें आकर्षण हाच येथला चाकर. तो रात्रंदिवस राबतो आणि पगार मागत नाहीं.

मात्र उतार बेताचा म्हणजे नेमका किती, येथेंच कारागिराची परीक्षा आहे. उतार अधिक झाला तर धांवतें पाणी भुयाराची तळजमीन खरवडून नेतें. कमी झाला तर गाळ बसून वाट बुजते. शिवाय हें सर्व काम जमिनीखालीं, अंधारांत, दिव्याच्या उजेडावर करावयाचें! म्हणून वाटेंत ठिकठिकाणीं उभे विवर खणून ठेवीत. त्यांतून खणलेली माती वर काढतां येई, खालीं काम करणाऱ्यांस हवा मिळे, आणि पुढें दर वर्षीं गाळ उपसण्यास माणूस उतरवितां येई. या विवरांचीं तोंडें रेघेनें मांडल्यासारखीं दिसत, आणि त्यांवरूनच भुयार कोठून गेलें हें वरच्या माणसास कळे.

ही विद्या फार जुनी आहे. इराणांत अशा भुयारांस कनात म्हणतात; तेथील अकरा कनातींस इ. स. २०१६ मध्यें जागतिक वारशाचा मान मिळाला. यरुशलेम नगरांत हिज्कीया राजाच्या काळीं, म्हणजे ख्रिस्तपूर्व आठव्या शतकाच्या अखेरीस, गीहोन झऱ्याचें पाणी तटाच्या आंत आणण्यासाठीं सुमारें पांचशें मीटर लांबीचें भुयार खडकांतून कोरलें गेलें. दोन टोंकांनीं खणीत आलेल्या टोळ्या एकमेकांचे आवाज ऐकत मध्यें कशा भेटल्या, याचें वर्णन तेथील शिलालेखांत आहे. आपल्या जवळ पाहावयाचें तर बहामनी राजधानी बीदर येथें अशाच भूमिगत वाहिन्या आहेत, आणि तापीकांठच्या बऱ्हाणपुरास अब्दुल रहीम खानखानान याच्या काळीं, इ. स. १६१५ च्या सुमारास, कुंडी भंडारा बांधला गेला. म्हणजे औरंगाबादची नहर ही एकटी चमत्काराची गोष्ट नसून मोठ्या कुळांतली एक कन्या आहे.

एवढी पूर्वतयारी झाल्यावर प्रवासास निघूं. धाराशिवाहून शहर सुमारें दोनशें चाळीस किलोमीटर आहे. पहाटे चार वाजतां निघाल्यास सकाळचा नाश्ता वाटेंत करून नऊच्या सुमारास पोंचतां येतें, आणि सायंकाळीं पांचास परत फिरल्यास रात्रीं दहाच्या आंत मुलें घरीं येतात. येडशीचा घाट, मांजरा नदी, मांजरसुंब्याचा घाट असें करीत गाडी बीडकडे जाते. बीड येण्याच्या थोडें अलीकडे, हमरस्त्याच्या जवळच, खजाना विहीर आहे. येथें अर्धा तास अवश्य थांबावें. इ. स. १५८२ च्या सुमारास, मुर्तजा निजामशहाच्या राज्यांत, सलाबतखान नांवाच्या सरदारानें ही विहीर करविली, आणि तिची योजना राजा भास्कर नांवाच्या तज्ज्ञानें केली, अशी तिची हकीकत आहे. या विहिरीवर मोट नाहीं. पाणी जमिनीखालच्या वाटेनें विहिरींत येतें आणि जमिनीखालच्याच दुसऱ्या वाटेनें उताराकडील शेतांस जातें. नहरीचें सर्व तत्त्व येथें एका नजरेंत दिसतें. जो मुलगा येथें खालीं वांकून पाणी कोणत्या बाजूनें येतें व कोणत्या बाजूस जातें हें पाहून घेईल, त्यास पुढें शहरांत मार्गदर्शकाचें बोलणें सहज कळेल. मग गेवराई व शहागडावरून गोदावरी ओलांडावी. या नदीचें नांव लक्षांत ठेवावें. लेखाच्या शेवटीं तिचें काम पडणार आहे.

शहरांत पोंचल्यावर पुष्कळ मंडळी थेट मकबऱ्याकडे धांवतात. माझी सूचना अशी कीं, पाण्याच्या मागून चालावें. परवाना असलेला जाणता मार्गदर्शक आधींच ठरवून ठेवावा, आणि त्यास पहिल्यानेंच स्पष्ट सांगावें कीं, आम्हांस केवळ इमारती नकोत. नहरींचा माग दाखवा. असें सांगितल्यानें त्यासही हुरूप येतो. आरंभ भडकल दरवाजापासून करावा. मोगलांवर मिळविलेल्या विजयाचें स्मारक म्हणून मलिक अंबरानें इ. स. १६१२ मध्यें हा भव्य दरवाजा उभारला. जवळच नौखंडा महालाची जागा आहे. तो महालही त्याचाच, इ. स. १६१६ चा. येथें उभे राहून मुलांनीं उत्तरेकडे तोंड करावें. पाणी तिकडून येत असे. शहर दक्षिणेकडे उतरतें. म्हणून उगम उत्तरेस आणि वस्ती दक्षिणेस, ही मांडणी निसर्गानेंच ठरवून दिली होती. ती ज्यास दिसली, त्यास राजधानीची जागा सांपडली.

तेथून दिल्ली दरवाजाकडे जावें. या बाजूस सलीम अली सरोवर आहे. पक्षिशास्त्रज्ञ डॉक्टर सलीम अली यांचें नांव त्यास अलीकडे मिळालें. पूर्वीं त्यास खिजरी तलाव म्हणत. शेजारीं हिमायत बाग आहे, तेथें आतां कृषिविद्यापीठाचें फळसंशोधन केंद्र चालतें. या भागांत जुन्या नहरींच्या खुणा दाखवितां येतात. झाडांच्या गर्दींत चुन्याचें जुनें बांधकाम, एखादें बुजलेलें विवर, एखादा पडका हौद, असें कांहींसें दिसेल. पाहतांक्षणीं ‘एवढेंच काय?’ असें मुलांस वाटण्याचा संभव आहे. तेव्हां शिक्षकानें त्यांस मांडणी करून दाखवावी: हा एक बिंदु, तो दुसरा, आणि त्या दोहोंस जोडणारी न दिसणारी रेघ म्हणजे नहर. भूमितींत आपण कागदावर जें करतों तेंच येथें जमिनीवर करावयाचें असतें. बेगमपुऱ्यांतील थत्ते हौदही याच माळेंतला एक मणि आहे.

डोंगराच्या पायथ्याचें भुयार संपून वस्ती लागली, म्हणजे पाण्यास वेगळी वाट द्यावी लागे. तेथें भाजलेल्या मातीचे नळ एकमेकांत बसवून, सांधे चुन्यानें भरून, ते जमिनींत पुरीत. या खापरी नळांच्या मार्गावर अधूनमधून दगडी चुनेगच्ची मनोरे उभारलेले असत. कांहीं मनोरे अजून उभे आहेत. अनोळखी मनुष्य त्यांस पडक्या तटाचा तुकडा समजून पुढें जातो. वास्तविक शहराचा श्वास त्या मनोऱ्यांवर चालत असे. गवंडी भिंतीची पातळी कशी पाहतो, हें मुलांनीं पाहिलें असेल. पारदर्शक नळींत पाणी भरून तो दोन्हीं टोंकें वर धरतो. नळी मध्यें कितीही खालीं लोंबली तरी दोन्हीं टोंकांस पाणी एकाच उंचीवर उभें राहतें. याच नियमानें डोंगराकडून सखल भागांत आलेलें पाणी मनोऱ्याच्या पोटांतील नळांतून वर चढे, माथ्यावरील लहान कुंडांत मोकळें होई, आणि दुसऱ्या नळानें खालीं उतरून पुढें जाई. असें कां करावयाचें? पहिलें कारण, नळांत अडकलेली हवा माथ्यावर निसटून जाई. ती न गेली तर पाण्याची वाट अडते. दुसरें कारण, पाण्याचा दाब प्रत्येक मनोऱ्यावर मोकळा होई. नाहींतर सांठत गेलेल्या दाबानें खापरी नळ फुटले असते. तिसरें कारण, कुंडांत गाळ खालीं बसे व निवळ पाणी पुढें जाई. तीन कामें आणि एकच मनोरा! लोखंडाचे नळ हातीं नसतांना मातीच्या नळांकडून एवढें काम करून घेणें, यांत त्या कारागिरांची बुद्धि दिसते.

आतां मकबरा पाहण्यास हरकत नाहीं. औरंगजेबाची बेगम दिलरसबानू हिच्या स्मरणार्थ इ. स. १६६० च्या सुमारास ही इमारत पुरी झाली. अताउल्ला हा तिचा शिल्पी व हंसपतराय हा अभियंता. पैकीं अताउल्ला हा ताजमहालाच्या शिल्पीचा पुत्र होता. ताजमहालाशीं तिची तुलना नेहमींच होते, आणि त्या तुलनेंत बिचारीस हार खावी लागते. आपण तुलना बाजूस ठेवून प्रवेशद्वारापासून घुमटापर्यंत गेलेली कारंजांची रांग पाहावी. बागेचे चार भाग, त्यांमधून गेलेले पाट, आणि ओळीनें मांडलेलीं कारंजीं, हें सर्व पाण्याच्या भरंवशावर आंखलें आहे. ज्या युगांत पाणी ढकलण्यास यंत्रें नव्हतीं, त्या युगांत पाणी वरच्या पातळीवरून आल्यावांचून कारंजें उडत नसे. संगमरवर पाहून परतणाऱ्यानें अर्धी इमारत पाहिली. पाट व कारंजीं पाहणाऱ्यानें पुरी पाहिली.

सहलीचा कळस म्हणजे पाणचक्की. मकबऱ्यापासून ती दूर नाहीं. खाम नदीच्या कांठींच आहे. मध्य आशियांतील बुखाऱ्याच्या प्रदेशांतून आलेले बाबा शाह मुसाफिर नांवाचे सूफी फकीर येथें राहत. त्यांची कबर याच आवारांत आहे. त्यांच्या मठांत विद्यार्थी, फकीर व वाटसरू यांचा राबता असे. एवढ्या तोंडांस रोज पीठ पाहिजे. तें हातानें दळावयाचें तर कित्येक माणसें त्यांतच गुंतून पडतील. म्हणून निजामाच्या पदरचा सरदार तुर्कताजखान यानें येथें पाण्याच्या जोरावर फिरणारें जातें बसविलें. पाणी सहा ते आठ किलोमीटरवरून, उत्तरेकडील डोंगरांतून, खापरी नळांनीं येतें; भिंतीच्या माथ्यावर चढतें; आणि तेथून पांढरी शुभ्र धार मोठ्या हौदांत कोसळते. पावसाळा नुकताच सरला असतांना ही धार भरांत असते आणि उन्हाळ्यांत ती रोडावते. म्हणून सहल कार्तिक ते पौष या महिन्यांत काढावी.

जात्याच्या खोलींत मुलांनीं घाई करूं नये. आपल्या घरच्या जात्यास दोन तळ्या असतात. खालची स्थिर व वरची फिरती. येथेंही तसेंच आहे. फरक एवढाच कीं, घरीं खुंटा धरून आजी किंवा आई वरची तळी फिरवीत असे, आणि येथें जमिनीखालीं पाण्याच्या माऱ्यानें लोखंडी पातीं फिरतात, त्यांचा उभा दांडा वरच्या तळीस फिरवितो. आज येथें मठासाठीं दळण होत नाहीं. जातें पाहण्यापुरतें आहे. हौदाकडे मात्र पुन्हां एकदां वळून पाहावें. त्या हौदाचा तळ म्हणजे खालच्या दालनाचें छत आहे. खांबांवर उभारलेल्या त्या दालनांत उन्हाळ्यांतही गारवा राहतो, कारण डोक्यावर पाणी सांठलेलें असतें. एकाच पाण्यानें दळण केलें, हौद भरला, दालन थंड ठेविलें आणि मग तें नदीस मिळालें. पाण्याचा काटकसरीनें उपयोग कसा करावा, याचा याहून उघडा धडा दुसरीकडे सांपडणें कठीण.

येथपर्यंत कौतुक झालें. आतां कौतुकाच्या पलीकडचें सांगणें प्राप्त आहे. तीनशें वर्षांहून अधिक काळ ज्या नहरींनीं शहर पोसलें, त्यांतील बहुतेक आज मोडकळीस आल्या आहेत. शत्रूच्या तोफांनीं त्या फोडल्या नाहींत. नळ आले, यंत्रें आलीं, आणि नहरींकडे पाहण्याची गरज कोणास उरली नाहीं. विवरांत उतरून गाळ काढणारीं माणसें नाहींशीं झालीं. झाडांच्या मुळांनीं सांधे फोडले. नव्या इमारतींचे पाये व रस्त्यांचे चर खणतांना खापरी नळ तुटले. कांहीं ठिकाणीं सांडपाणी आंत शिरलें. जी वस्तु डोळ्यांस दिसत नाहीं तिची हानिही डोळ्यांस दिसत नाहीं. मकबऱ्याचा एक दगड ढळला तर वर्तमानपत्रांत बातमी येते. जमिनीखालीं नहर बुजली तर तें कोणास कळतही नाहीं.

याच ठिकाणीं गोदावरीची आठवण करावी. पैठण येथें इ. स. १९७६ मध्यें जायकवाडीचें प्रचंड धरण पुरें झालें, आणि त्याच्या नाथसागर जलाशयांतून आतां शहरास पाणी येतें. परंतु पैठण सखल आहे आणि शहर त्याहून सुमारें शंभर मीटर उंच आहे. म्हणजे जें पाणी एके काळीं डोंगरावरून आपण होऊन खालीं येत असे, त्याच्या ऐवजीं आतां पन्नासएक किलोमीटर अंतरावरून रात्रंदिवस यंत्रें लावून पाणी वर चढवावें लागतें. वाढलेल्या शहराची तहान जुन्या नहरींनीं भागली नसती, हें खरें आहे; म्हणून धरणास नांवें ठेवण्याचें कारण नाहीं. पण घरांत नळ आला म्हणून परसांतली विहीर बुजवावी काय? अलीकडच्या वर्षांत त्याच शहरांतील पुष्कळ वस्त्यांना कित्येक दिवसांच्या अंतरानें पाणी मिळालें आहे. अशा वेळीं बागांस, धुण्यास, जनावरांस नहरीचें पाणी उपयोगीं पडलें असतें, आणि धरणाचें पाणी पिण्यासाठीं राखतां आलें असतें.

ही गोष्ट दुसऱ्याच्या गांवची म्हणून सोडून देण्यासारखी नाहीं. आपला जिल्हा पावसाच्या बाबतींत नेहमींच उणा. १९७२ चा दुष्काळ घरांतील वडील माणसांस आठवत असेल. इ. स. २०१६ च्या एप्रिल महिन्यांत शेजारच्या लातूरास मिरजेहून आगगाडीनें पाणी आणावें लागलें, तें तर अनेकांनीं पाहिलें आहे. धाराशिव शहरही उजनीच्या दूरच्या पाण्याकडे तोंड करून बसतें. अशा मुलखांतल्या मुलांनीं मकबऱ्यापुढें उभें राहून छायाचित्र काढून घेतलें आणि पाण्याविषयीं एक अक्षर न शिकतां तीं परत आलीं, तर सहलीचा खर्च फुकट गेला असें मी म्हणेन. आपल्या गांवीं आड आहेत, बारवा आहेत, जुने पाट आहेत. त्यांतील किती स्वच्छ आहेत, किती कचऱ्यानें भरले आहेत, हें सहलीहून परतल्यावर प्रत्येक विद्यार्थ्यानें आपल्या गांवीं पाहावें व वहींत टिपून ठेवावें. भूगोलाचा याहून चांगला गृहपाठ मला सुचत नाहीं.

पालकांस दोन शब्द. सहलीची वर्गणी मुलास देतांना ‘नीट जा, नीट ये’ एवढेंच सांगूं नये. जाण्यापूर्वीं एक सायंकाळ त्यास जवळ घेऊन आपल्या लहानपणीं घरांत पाणी कोठून येत असे, तें कोण आणीत असे, किती घागरी लागत, हें सांगावें. ज्या मुलानें आजीच्या डोक्यावरच्या घागरींची गोष्ट ऐकली आहे, तोच नहरीचें मोल जाणूं शकतो. मुलांबरोबर जाड तळव्याचे जोडे, पाण्याची बाटली, एक वही व पेन्सिल द्यावी. दर्गा व मशीद हीं प्रार्थनेचीं स्थानें आहेत. तेथें शांतपणें वागण्याची समज घरूनच दिलेली बरी. आणि कोणत्याही पडक्या विवरांत डोकावण्यासाठीं मुलांनीं मार्गदर्शकाच्या पुढें जाऊं नये, हें निक्षून सांगावें.

विद्यार्थ्यांनीं मार्गदर्शकास विचारण्याजोगे तीन प्रश्न येथें देतों. ही नहर कोठून निघते? ती आतां कोठपर्यंत वाहते? आणि तिचा गाळ शेवटीं केव्हां काढला? पहिल्या दोन प्रश्नांचीं उत्तरें तो आनंदानें देईल. तिसऱ्या प्रश्नापाशीं तो जर थबकला, तर त्या थबकण्याचा अर्थ ओळखावा. मलिक अंबरासारखा पुरुष शतकांत एखादाच जन्मतो, आणि नहर बांधण्याचें भाग्य थोड्यांस लाभतें. परंतु नहरीचा गाळ काढण्यास थोर पुरुष लागत नाहीं. त्यासाठीं दर वर्षीं न कंटाळतां फावडें हातीं घेणारीं साधीं माणसें लागतात, आणि तशीं माणसें व्हावयास आपल्यापैकीं प्रत्येकजण समर्थ आहे.